मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर: पथ्य ताटात कमी, ड्रॉपमध्ये जास्त

सासूबाईंच्या उजव्या डोळ्याचं ऑपरेशन मागच्या श्रावणात झालं. दुपारी रिक्षातून कोथरूडला घरी पोचेस्तोवर तीन फोन येऊन गेले होते आणि तिन्ही फोनचा विषय एकच, काय खायचं नाही. आत्याबाई म्हणाल्या आंबट बंद, भात बंद, पू धरतो. सोलापूरची मावशी म्हणाली वांगं आणि हरभऱ्याची डाळ घरात आणूच नका. तिसऱ्या फोनवर तर पंधरा दिवस मान हलवायची नाही असा हुकूम होता. ड्रॉप कोण घालणार, कसे घालणार, हात धुतले का, हे मात्र एकानेही विचारलं नाही.

त्यांचंही चुकत नाही म्हणा. त्यांनी जे बघितलंय ते जुनं ऑपरेशन. तेव्हा बुबुळाच्या कडेने 10-12 मिलिमीटरचा छेद घेऊन अख्खा मोतीबिंदू बाहेर काढायचे, टाके असायचे, पेशंटला डोक्याच्या दोन्ही बाजूला वाळूच्या पिशव्या लावून दिवसचे दिवस उताणं झोपवायचे, आणि नंतर आयुष्यभर बाटलीच्या बुडासारखा जाड चष्मा. डोळ्यात कृत्रिम लेन्स बसवायचं काम लंडनला हॅरॉल्ड रिडली यांनी 1949 मध्ये पहिल्यांदा केलं, पण ते सगळीकडे रुळायला पुढे कितीतरी वर्षं गेली. आता फेको पद्धतीत (ध्वनिलहरींनी मोतीबिंदूचे बारीक तुकडे करून ते ओढून घेतात) छेद साधारण अडीच मिलिमीटरचा असतो, बहुतेक वेळा टाकाच नसतो, आणि संध्याकाळी पेशंट घरी चहा पीत बसलेला असतो. ऑपरेशन बदललं, पथ्य तेवढं मागेच राहिलं. (ऑपरेशन थंडीतच करायचं असतं हा समजही त्यातलाच.)

खाली जे लिहितेय ते आम्ही घरी कसं केलं आणि डॉक्टरांनी काय काय समजावलं ते. तुमच्या कागदावर वेगळं लिहिलं असेल तर तुमचा कागद खरा.

आधी ड्रॉपचा बंदोबस्त

दोन-तीन प्रकारचे ड्रॉप मिळतात. एक अँटिबायोटिक, ते आठवडा-दोन आठवडे. एक स्टिरॉइड, ते महिना-दीड महिना हळूहळू कमी करत न्यायचं. कधी सूज कमी करायचा आणखी एक असतो. आमच्या कागदावर स्टिरॉइड पहिल्या आठवड्यात दिवसातून 6 वेळा, मग 5, मग 4, असं उतरत होतं. हे लक्षात ठेवणं कुणाच्याही बसची बात नाही, म्हणून मी स्वयंपाकघरातल्या कालनिर्णयवर प्रत्येक तारखेच्या चौकटीत तेवढ्या रेघा मारून ठेवल्या आणि ड्रॉप घातला की एक रेघ काटायची. सगळ्यात सोपी युक्ती हीच. डोळा बरा वाटतोय म्हणून तिसऱ्या आठवड्यात स्टिरॉइड सोडून देणारे खूप असतात, तसं केलं की आतली सूज परत उसळते. आणि उलटंही करायचं नाही, म्हणजे उरलाय म्हणून मनाने महिनोन्‌महिने चालू ठेवायचा नाही, त्याने डोळ्यातलं प्रेशर वाढू शकतं.

घालायची पद्धत अशी. साबणाने हात धुवा आणि स्वच्छ टॉवेलला पुसा, पदराला नाही. पेशंटला पलंगावर उताणं झोपवा किंवा खुर्चीत मान मागे टाकून बसवा. दुधासारखा पांढरट ड्रॉप असेल तर बाटली नीट हलवून घ्या, औषध तळाशी बसलेलं असतं. खालची पापणी बोटाने हलकेच खाली ओढा, छोटा खिसा तयार होतो, त्यात एक थेंब. एकच! डोळ्यात दुसरा थेंब मावतच नाही, तो गालावरून उशीत जातो आणि बाटली लवकर संपते. बाटलीचं टोक पापणीला लागू द्यायचं नाही. मग डोळा अलगद मिटायचा, गच्च नाही, आणि नाकाच्या बाजूच्या कोपऱ्यात, हाडावर, एक-दोन मिनिटं बोट हलकं टेकवून ठेवायचं. डोळ्यावर दाब द्यायचा नाही हं. बोट टेकवल्याने औषध नळीतून नाकात-घशात उतरत नाही. सासूबाई पहिले दोन दिवस "घशात कडू का लागतंय गं" असं विचारत होत्या, ते औषध असं घशात उतरल्यामुळेच.

दोन ड्रॉपमध्ये पाच मिनिटं तरी अंतर हवं, नाहीतर दुसरा पहिल्याला धुऊन टाकतो. आम्ही मध्ये रामरक्षा म्हणायला लावली, अंतर आपोआप पडलं. बाटली फोडली ती तारीख स्केचपेनने बाटलीवर लिहा, बहुतेक ड्रॉप फोडल्यावर चार आठवड्यांनी टाकून द्यायचे असतात.

सकाळी पापण्या चिकटलेल्या असतात. त्यासाठी पाणी उकळून गार करायचं, निर्जंतुक कापूस त्यात बुडवून पिळायचा, आणि मिटलेल्या पापणीवरून नाकाकडून कानाकडे एकदाच फिरवायचा. परत फिरवायचं तर नवा बोळा. पूजेचा कापूस यासाठी वापरायचा नाही (आमच्याकडे तोच पुढे आला होता). दूध, मध, गुलाबपाणी, गाईचं तूप, त्रिफळ्याचं पाणी, काजळ, यातलं काहीही डोळ्यात जाता कामा नये, कुणीही कितीही प्रेमाने आणून दिलं तरी.

पाणी, वाकणं, धूळ

अंघोळ गळ्याखालून, पहिल्या दिवसापासून चालते. तोंड ओल्या टॉवेलने पुसून घ्यायचं. डोक्यावरून पाणी साधारण दहा-पंधरा दिवस नाही, आणि केस अगदीच धुवायचे झाले तर पार्लरमध्ये धुतात तसे मान मागे टाकून दुसऱ्या कुणीतरी धुवायचे. नळाच्या पाण्यातले जंतू त्या ताज्या छेदातून आत गेले तर गंभीर इन्फेक्शन होऊ शकतं, भाताने नाही.

झोपताना प्लास्टिकची जाळीदार शिल्ड चिकटपट्टीने लावायची, निदान आठवडाभर, कारण झोपेत आपण डोळा चोळतो हे आपल्याला कळतच नाही. ऑपरेशनच्या बाजूच्या कुशीवर झोपू नये. वाकून नमस्कार, सूर्यनमस्कार, खाली बसून कणीक तिंबणं हे एक-दोन आठवडे बंद, आणि पाण्याची भरलेली बादली उचलायची नाही, ती 15-20 किलोची असते हे आपण विसरतो. देवघर खाली होतं ते आम्ही तेवढ्यापुरतं टेबलावर हलवलं. सासूबाईंना हे आवडलं नाही पण देवाने काही तक्रार केली नाही.

शिंक आली तर नाक दाबून अडवायची नाही, तोंड उघडून येऊ द्यायची. म्हणूनच फोडणीच्या वेळी पेशंटला स्वयंपाकघरात येऊ देऊ नका, मिरचीचा ठसका, वाफ आणि धूर, तिन्ही एकदम. उदबत्तीही आठवडाभर लांब.

बाहेर पडताना मोठा गॉगल. पुण्यात रिक्षाच्या दोन्ही बाजूंनी धूळ येते, त्यामुळे कडेपर्यंत झाकणारा असेल तर उत्तम. गणपतीत सासूबाईंना लक्ष्मी रोडची मिरवणूक बघायचीच होती, तोवर तीन-साडेतीन आठवडे झाले होते, पण गर्दीतला कोपर आणि उधळलेला गुलाल याची मला खात्री नव्हती, म्हणून टीव्हीवर बघितली. टीव्ही, मोबाईल, वाचन चालतं, त्याने लेन्स बिघडत नाही, फक्त डोळा कोरडा होऊन थकतो तेव्हा मध्ये मध्ये मिटून बसायचं. स्कूटर डॉक्टर हो म्हणेपर्यंत नाही. पोहणं महिनाभर नाहीच.

आता वळू ताटाकडे

खाण्यावर बंदी जवळजवळ काही नाही. भाताने पू होत नाही. वांग्याने होत नाही. आंबटाने तर मुळीच नाही, उलट लिंबू, पेरू, आवळा यातलं क जीवनसत्त्व जखम भरायला लागतंच. डाळ बंद केली तर शाकाहारी घरात प्रोटीन येणार कुठून? पहिल्या दिवशी मऊ मुगाची खिचडी, तूप, ताक असं दिलं ते डोळ्यासाठी नाही, उपाशी पोटी दमून आलेल्या माणसासाठी. दुसऱ्या दिवशी नेहमीचं वरण-भात, पोळी, भाजी. पहिले एक-दोन दिवस ऊस किंवा कडक बाकरवडी कडाकडा फोडू नका इतकंच, जबड्याला झटका बसला की डोळ्याभोवती दुखतं.

खरं लक्ष द्यायचं ते पोट साफ होण्याकडे. माणूस बसून असतो, पाणी कमी पितो (सारखं उठायला नको म्हणून), मग बद्धकोष्ठता होते आणि सकाळी जोर लावला जातो. त्या जोराने डोळ्यावरही ताण येतो. म्हणून ज्वारीची भाकरी, पालेभाजी, मोड आलेल्या मुगाची उसळ, पपई, रात्री भिजवलेल्या मनुका, दुपारी ताक. तरीही नाही झालं तर रात्री कोमट पाण्यातून इसबगोल. हार्ट किंवा किडनीचा त्रास असेल तर पाणी किती प्यायचं ते विचारून घ्या.

डायबेटिस असेल तर मात्र ताट बघायलाच हवं, कारण साखर वाढलेली असली की जखम सावकाश भरते आणि इन्फेक्शनची भीती जास्त. भेटायला येणारे पेढे आणतात, ते शेजारी वाटून टाका. दुसरी बाजू उपासाची. सासूबाईंचा श्रावणी सोमवार होता, गोळी घेऊन दिवसभर नुसती साबुदाण्याची खिचडी, म्हणजे आधी साखर वर, आणि मग पुढच्या खाण्याला उशीर झाला की घसरून खाली. "आई, या वेळचे दोन सोमवार मी करते तुमच्या वाटचे," असं म्हटल्यावर ऐकलं त्यांनी. बीपीच्या, रक्त पातळ करायच्या गोळ्या मनाने बंद करायच्या नाहीत. मिश्री, तंबाखू, सिगारेट सुटलं तर फारच छान, जखम भरायला ते आडवं येतं. गाजराबद्दल सगळे विचारतात. खा, चांगलंच आहे, पण किलोभर रस प्यायल्याने डोळा लवकर बरा होत नाही.

कधी धावायचं

रेती गेल्यासारखं खुपणं, पाणी येणं, उजेड टोचणं, थोडं धूसर दिसणं, हे पहिले काही दिवस चालतं आणि रोज कमी कमी होत जातं. दिशा महत्त्वाची. दुखणं वाढायला लागलं, लाली वाढली, पिवळा चिकट स्राव आला, किंवा काल दिसत होतं त्यापेक्षा आज कमी दिसतंय असं झालं तर उद्या सकाळची वाट बघू नका, रविवार रात्र असली तरी हॉस्पिटलच्या इमर्जन्सी नंबरवर फोन करा, इन्फेक्शनमध्ये काही तासांचाही फरक पडतो. तसंच डोळ्यात वीज चमकल्यासारखं होणं, अचानक खूप काळे ठिपके, कडेने पडदा सरकल्यासारखं, किंवा डोळा-डोकं दुखून उलट्या. पेशंट "जाऊ दे गं, होईल कमी" म्हणतो. त्यांचं ऐकू नका.

चष्म्याचा नंबर साधारण चार ते सहा आठवड्यांनी पक्का होतो, आधी घाईने करू नका, पैसे वाया. लेन्सचं कार्ड किंवा स्टिकर मिळतं ते आधार कार्डाच्या पाकिटात ठेवा. आणि काही महिन्यांनी-वर्षांनी परत धुरकट दिसायला लागलं तर मोतीबिंदू "परत आला" असं नसतं, बसवलेल्या लेन्सच्या मागचं पातळ आवरण धुरकटतं, ते यॅग लेसरने काही मिनिटांत मोकळं करतात.

रंग मात्र पहिल्याच आठवड्यात बदलतात, कारण पिवळी पडलेली जुनी लेन्स निघून गेलेली असते. चौथ्या दिवशी सासूबाईंनी डावा डोळा झाकून भिंतीकडे बघितलं, म्हणाल्या हा रंग पांढरा आहे? मला इतकी वर्षं बदामी वाटत होता. मग जरा वर बघितलं आणि म्हणाल्या, "पंख्यावर केवढी धूळ साचलीय, आणि त्या कोपऱ्यात जळमट आहे का गं?"