आयकॉन उडवला म्हणजे गेम गेला नाही

भाच्याच्या लॅपटॉपमध्ये २५६ जीबीची एसएसडी (साठवणुकीची डिस्क), आणि एकट्या जीटीए फाइव्ह या गेमने शंभर जीबीच्या वर जागा अडवलेली. डेस्कटॉपवरचा आयकॉन काढून काही होत नाही, तो नुसता शॉर्टकट. विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, ॲप्स, इन्स्टॉल्ड ॲप्स उघडा, यादी आकारानुसार लावा. तीन टिंबांवर क्लिक करून अनइन्स्टॉल.

स्टीम या गेम विकणाऱ्या ॲपवरून घेतलेला गेम मात्र मी स्टीमच्या लायब्ररीतूनच काढतो: नावावर राइट क्लिक, मॅनेज, अनइन्स्टॉल. विकत घेतलेला गेम खात्यावर राहतो, नंतर पुन्हा उतरवता येतो. पोरांचा जीव अडकतो तो सेव्ह फाइलींत, म्हणजे गेममध्ये कुठवर पोचलो त्याच्या नोंदीत! या फाइली ऑनलाइन जपणारं स्टीम क्लाउड सगळ्याच गेमना नसतं. त्या फाइली बऱ्याचदा डॉक्युमेंट्समध्ये सापडतात, आधी पेनड्राइव्हवर घ्या. मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या जादा फाइली) टाकले असतील तर गेमचं फोल्डर मागे उरतं. ते हाताने डिलीट करून रीसायकल बिनही रिकामी करा.