मूकपटांच्या काळातील कॅथलिक मिरवणुकीचे चित्रण कसे वाचावे

इंग्लंडमधील ब्लॅकबर्नच्या मिचेल आणि केन्यन या चित्रपट निर्मात्यांनी १९०२ साली मँचेस्टरमधील इटालियन कॅथलिकांची मिरवणूक चित्रित केली. असे चित्रण पाहताना माणसे तुरुतुरु धावत असल्यासारखी दिसली, तर आधी वेग तपासावा. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवीत आणि सेकंदाला साधारण १६ चौकटी टिपल्या जात. तेच चित्रण सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने दाखवल्यास १०० सेकंदांची मिरवणूक ६७ सेकंदांत आटोपते. खांद्यावर मूर्ती वाहणाऱ्यांची पावले जड पडू लागेपर्यंत वेग कमी करीत जावे.

सर्वाधिक फसगत रंगांबाबत होते, म्हणून येथे घाई करू नये. तेव्हाच्या ऑर्थोक्रोमॅटिक, म्हणजे लाल प्रकाश न टिपणाऱ्या, फिल्मवर लाल रंग काळा आणि निळा रंग फिकट, जवळजवळ पांढरा उमटत असे. त्यामुळे कार्डिनलचा (पोपखालोखालच्या ज्येष्ठ धर्माधिकाऱ्याचा) लाल झगा साध्या धर्मगुरूच्या काळ्या झग्यासारखा दिसतो आणि पवित्र मारियेच्या मूर्तीचा निळा झगा पांढरा भासतो. अशा वेळी रंगापेक्षा खांद्यावरील आखूड केप, टोपीचा आकार आणि छातीवरील क्रूस यांवर विसंबावे.

तारीख पंचांगाने काढता येते. मँचेस्टरचे कॅथलिक पेंटेकॉस्टनंतरच्या (पवित्र आत्म्याच्या आगमनाच्या सणानंतरच्या) शुक्रवारी मिरवणूक काढीत आणि पेंटेकॉस्ट इस्टरनंतर ४९ दिवसांनी येतो. १९०२ चा इस्टर ३० मार्चला होता, म्हणजे तो शुक्रवार २३ मे ठरतो; तरीही वर्तमानपत्राशी पडताळणी करावीच. मात्र प्रत्येक मिरवणुकीला ख्रिस्तशरीर सणाची, म्हणजे ख्रिस्ताचे शरीर मानलेली पवित्र भाकर मिरवण्याची, मिरवणूक म्हणू नये. पवित्र भाकर ठेवलेले, किरणांसारख्या कडांचे पात्र आणि त्यावरील छत दिसते का, ते शोधावे. इंग्लंडमध्ये ही खूण विशेष मोलाची आहे, कारण १९०८ च्या लंडन येथील युकॅरिस्टिक काँग्रेसमध्ये (या पवित्र भाकरीच्या सन्मानार्थ भरलेल्या कॅथलिक मेळाव्यात) ती भाकर, म्हणजेच पवित्र साक्रामेंत, रस्त्यावरून नेण्यास सरकारने मज्जाव केला होता.

हाती मूळ नायट्रेट फिल्म असेल तर ती प्रोजेक्टरवर कदापि चढवू नये. ती झटकन पेट घेते. चिकटपणा किंवा तपकिरी भुकटी आढळल्यास लगेच चित्रपट संग्रहालयाशी संपर्क साधावा. मिचेल आणि केन्यन यांच्या सुमारे ८०० निगेटिव्ह १९९४ साली ब्लॅकबर्नमधील एका दुकानाच्या तळघरात सापडल्या आणि पुढे ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने त्या जतन केल्या, हे आपले भाग्यच.

शेवटी मिरवणुकीवरून नजर काढून गर्दीकडे न्यावी. लोक स्वतःला पडद्यावर पाहायला तिकीट काढून येत, म्हणून कॅमेरा मुद्दाम चेहरे टिपता येतील अशा जागी असे. त्या चेहऱ्यांमागील दुकानांच्या पाट्या चौकट थांबवून उतरवून घ्याव्यात आणि त्या वर्षाच्या शहर-निर्देशिकेत शोधाव्यात. रस्ता बहुधा तेथेच सापडतो.