टीम तगडी, तरी मॅच हातची जाते? या चुका टाळा

तिघांच्या टीमने लढायच्या फायटिंग व्हिडिओ गेममध्ये तीन दमदार कॅरेक्टर घेतली म्हणजे टीम झाली, या समजुतीतच निम्म्या मॅच जातात. जवळ जाऊन मारणारी तिघं एकत्र घेतली, तर लांबून मारा करणाऱ्या प्रतिस्पर्ध्यासमोर तिघंही एकाच जागी अडकतात. आधी प्रत्येकाचं काम ठरवा, मग चेहरा निवडा.

क्रमाचंही तसंच. 'किंग ऑफ फायटर्स'च्या बहुतेक भागांत राऊंड चालू असताना कॅरेक्टर बदलता येत नाही. पहिलं हरलं की दुसरं उतरतं, आणि साठलेला मीटर (खास फटक्यांसाठी लढताना भरत जाणारी पट्टी) त्याच्याकडे जातो. म्हणून मीटरशिवाय ज्याचं भागतं ते पहिलं ठेवा, आणि मीटर खर्चून एकाच संधीत मोठं नुकसान करणारं शेवटी. उलटा क्रम लावलात तर पहिलंच सगळा मीटर खाऊन बाद होतं. 'ड्रॅगन बॉल फायटर्झ'मध्ये मात्र कॅरेक्टर बदलता येतं, आणि मागे गेलेल्याच्या जीवनपट्टीचा निळा भाग (परत मिळू शकणारी ताकद) हळूहळू भरून येतो. तरीही अनेक जण पट्टी अर्धी निळी झालेली असताना त्यालाच लढवत राहतात. सुरक्षित संधी दिसली की बदला.

सगळ्यात जास्त घोटाळा असिस्टमध्ये होतो, म्हणजे मागे थांबलेल्या साथीदाराला क्षणभर बोलावून मारायला लावलेल्या फटक्यात. फायटर्झमध्ये 2020 पासून प्रत्येक कॅरेक्टरला तीन असिस्टमधून एक निवडता येतो, पण बरेच जण पहिला दिसेल तो ठेवून देतात. पुढच्या कॅरेक्टरला काय कमी पडतं ते पाहून निवडा: लांबवर पोचणारा फटका, की ब्लॉक करणाऱ्याला (फटका अडवणाऱ्याला) जागेवर खिळवून ठेवणारा?

निवड बरोबर असूनही वेळ चुकते. खेळ सेकंदाला 60 फ्रेमने (चित्रांनी) चालतो. समजा, शेवटच्या फटक्याबरोबर असिस्ट बोलावला आणि त्याचा फटका 30व्या फ्रेमला लागतो, पण समोरचा 20व्या फ्रेमलाच ब्लॉकमधून मोकळा होतो. मध्ये 10 फ्रेमची फट उरते, आणि 6 फ्रेमचा साधा ठोसा त्यात आरामात बसतो. उपाय सोपा आहे: असिस्ट एक फटका आधी बोलावा. ट्रेनिंग मोडमध्ये डमीला (सरावासाठीच्या प्रतिस्पर्ध्याला) सगळं ब्लॉक करायला लावा आणि ब्लॉकनंतर लगेच सगळ्यात जलद फटका मारायला सांगा. त्याचा फटका बसला तर फट शिल्लक आहे.

'मार्वल व्हर्सेस कॅपकॉम'मध्ये आणखी एक धोका: प्रतिस्पर्धी मोकळा असताना असिस्ट बोलावला, तर तुम्ही आणि असिस्ट दोघंही एकाच कॉम्बोत (सलग बसणाऱ्या फटक्यांच्या मालिकेत) सापडू शकता.

सरावात मोठ्या कॉम्बोची घाई नको. प्रत्येकी तीन छोटे कॉम्बो पुरेत: हलक्या फटक्यातून एक, उडी मारून येणाऱ्याला पाडून एक, आणि चुकलेल्या हल्ल्याची शिक्षा म्हणून एक. दहापैकी नऊ वेळा जमेपर्यंत पुढे जाऊ नका, आणि स्क्रीनच्या दोन्ही बाजूंनी करा. एकाच बाजूने घोटलेला हात मॅचमध्ये बाजू बदलली की अडखळतो.

उभ्या डमीवरचा सराव अपुराच. डमीच्या रेकॉर्डिंगमध्ये तीन गोष्टी भरा (जलद ठोसा, उडी, थ्रो म्हणजे पकडून आपटणं) आणि त्या आलटून-पालटून कधीही येतील असं सेटिंग करा. ऑनलाइन खेळताना तोच कॉम्बो सुटत असेल, तर ट्रेनिंगमध्ये इनपुटचा उशीर (बटण दाबल्यापासून हालचाल होईपर्यंतचा वेळ) वाढवायची सोय आहे का ते बघा. असेल तर दोन-तीन फ्रेम वाढवून पुन्हा घोटा.