नेव्हीच्या जहाजावर डिनरला बोलावलंय? मग पिण्याचे नियम आधी वाचून जा

नेव्हीतल्या कोणी ओळखीच्याने जहाजावर जेवायला बोलावलं की बहुतेकांना पहिला प्रश्न पडतो, तिथे प्यायला मिळते का, आणि विचारायची मात्र लाज वाटते. तर मिळते का हे दोन गोष्टींवर ठरतं, जहाज कोणत्या देशाचं आहे आणि ते धक्क्याला बांधलेलं आहे का समुद्रात आहे. बाकी प्रत्येक नेव्हीचं वेगळं असलं तरी एक गोष्ट मला सगळीकडे सारखी दिसली, जहाजावर दारू कोणीतरी मोजत असतं. तुम्ही पाहुणे असलात तरी.

म्हणून आधी झेंडा बघा. अमेरिकन जहाज असेल तर घसा ओला करायची आशा सोडा आणि कॉफी प्या. तिथल्या साध्या खलाशांचं दारूचं रेशन 1 सप्टेंबर 1862 पासूनच बंद झालं, बदल्यात दिवसाला 5 सेंट जास्त मिळायला लागले, पण ऑफिसर लोकांची वाइन चालूच होती. मग नेव्ही सेक्रेटरी जोसेफस डॅनियल्स यांनी ऑर्डर काढली आणि 1 जुलै 1914 पासून तीही गेली. ठळक अपवाद असा, सलग 45 दिवस समुद्रात काढले की वरून परवानगी घेऊन 'बीअर डे' करता येतो, माणशी दोन बीअर. दीड महिना पाणी आणि आभाळ बघायचं आणि मग दोन कॅन, तेही नावावर टिक करून.

कॅनडाचं जहाज असेल तर बंदरात चालतं, समुद्रात नाही. 2014 मध्ये त्यांच्या एका जहाजाच्या क्रूने सॅन डिएगोला असा काही गोंधळ घातला की जहाज सराव अर्धवट सोडून घरी बोलावलं आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये नियम बदलला, आता समुद्रात दारू फक्त खास प्रसंगाला. ब्रिटिश जहाजांवर बार आहेत, पण ज्याची ड्युटी आहे तो पीत नाही, त्यामुळे यजमान हातात ज्यूस घेऊन बसला असेल तर 'अरे घे की एक' असा आग्रह अजिबात करू नका. आपल्याकडे आग्रह म्हणजे प्रेम, तिथे तो त्या माणसाची नोकरी घालवू शकतो.

भेट म्हणून बाटली नेऊ नका. चॉकलेट न्या, पुस्तक न्या. गँगवेवरच्या, म्हणजे जहाजावर चढायच्या शिडीवरच्या, माणसाला तुमची बॅग उघडायला लावून त्याची आणि स्वतःची पंचाईत कशाला करायची.

आता जेवताना रमचा विषय निघणारच, ब्रिटिश परंपरेतली नेव्ही असेल तर शंभर टक्के, आणि तेव्हा नुसती मान हलवण्यापेक्षा थोडं माहीत असलेलं बरं. 1655 मध्ये इंग्रजांनी जमैका घेतलं तिथपासून जहाजांवर रम यायला लागली, कारण बीअर लांबच्या प्रवासात नासायची. रेशन होतं दिवसाला अर्धा पाइंट, म्हणजे पाव लिटरच्या वर, आणि ती कोरी रम. माणसं शिडावरून पडायची, मारामाऱ्या व्हायच्या. म्हणून 1740 मध्ये अॅडमिरल एडवर्ड व्हर्नन यांनी हुकूम काढला की रममध्ये चौपट पाणी घालायचं आणि दिवसातून दोनदा वाटायची. ते ग्रोग्रॅम नावाच्या जाड कापडाचा कोट घालायचे म्हणून खलाशी त्यांना 'ओल्ड ग्रॉग' म्हणायचे आणि त्या पाणचट रमचंही नाव ग्रॉगच पडलं. पाणी घालण्यात अजून एक हुशारी होती, पाणी घातलेली रम टिकत नाही, त्यामुळे साठवून ठेवून एकदम ढोसायची सोय संपली.

पुढे रेशन 1824 मध्ये निम्मं झालं आणि 1851 पासून परत निम्मं, शेवटी उरला एक अष्टमांश पाइंट, 71 मिली, यालाच 'टॉट' म्हणतात. कमी वाटतंय ना, पण ती रम 54.6 टक्के अल्कोहोलवाली असायची. वाटायचा थाट बघण्यासारखा असणार, दुपारच्या आत 'अप स्पिरिट्स', म्हणजे रम वाटायला काढा, अशी हाळी व्हायची, लाकडी पिंप, त्यावर पितळी अक्षरात राणीच्या नावाचा आशीर्वाद, समोर ऑफिसर उभा, आणि मापाने एकेक टॉट. सीनिअर लोकांना कोरी, ज्युनिअरांना दुप्पट पाणी घालून. उरलेला ग्रॉग सगळ्यांसमोर समुद्रात ओतायचा. नावासमोर शेरा असायचा, जी म्हणजे ग्रॉग घेणारा, टी म्हणजे न घेणारा (त्याला बदल्यात रोज तीन पेन्स मिळायचे), आणि यूए म्हणजे अजून वीस पूर्ण नाहीत, गप्प बस.

आणि एवढं मोजूनही खलाशांनी त्याचं चलन केलंच! कोणी तुमची ड्युटी केली तर त्याला आपल्या टॉटमधून 'सिपर्स' द्यायचे, म्हणजे ओठ बुडवण्यापुरतं, मोठं काम असेल तर 'गल्पर्स', एक चांगला घोट, आणि जीवच वाचवला असेल तर 'सँडी बॉटम्स', म्हणजे तळ दिसेपर्यंत तुझंच. नियमात हे बसत नव्हतं पण चालायचं. वाढदिवस असलेल्याला तर प्रत्येकजण सिपर्स द्यायचा आणि बिचारा थेट सिक बेमध्ये, म्हणजे जहाजाच्या दवाखान्यात. शेवटी 31 जुलै 1970 ला ब्रिटिश नेव्हीत हे रेशन बंद झालं, त्या दिवसाला 'ब्लॅक टॉट डे' म्हणतात, काही जहाजांवर दंडाला काळ्या फिती लावून रमची अंत्ययात्रा काढली होती. न्यूझीलंडने मात्र 1990 पर्यंत चालू ठेवलं. आजही 'स्प्लाइस द मेनब्रेस' असा हुकूम आला की सगळ्यांना एक टॉट मिळतो, पण तो हुकूम कॅप्टन देऊ शकत नाही, ब्रिटनच्या राजाकडून, राजघराण्याकडून नाहीतर अॅडमिरल्टी बोर्डाकडूनच, म्हणजे नेव्हीच्या वरिष्ठ मंडळाकडूनच, यावा लागतो.

बरं, आता टेबलावर बसलात. माझी पहिल्या वेळची चूक सांगतो. समोरच्याने ग्लास उचलला, मी सवयीने पुढे होऊन खणकन आपटला, चिअर्स म्हणालो आणि टेबल एकदम गप्प. शेजारच्याने पटकन बोट ठेवून माझ्या ग्लासचा आवाज थांबवला. नंतर कळलं की ग्लास वाजला तर कुठेतरी एक खलाशी बुडतो अशी समजूत आहे, आणि आवाज वेळीच थांबवला तर सैतान त्याच्याऐवजी दोन आर्मीवाल्यांना नेतो. तेव्हा ग्लास उचला, आपटू नका.

पाण्याने टोस्ट, म्हणजे कोणाच्या नावे ग्लास उचलून पिणं, करायचा नाही अशीही जुनी समजूत आहे, पाण्याने ज्याच्या नावे प्याल तो पाण्यातच जातो म्हणे. पीत नसाल तर ज्यूस मागा, कोणी काही बोलत नाही.

जेवण झालं की ब्रिटिश पद्धतीत पोर्ट वाइनचं डिकँटर (काचेची सुरई) फिरतं, नेहमी डावीकडे. रुंद बुडाचं असतं, जहाज हललं तरी कलंडू नये म्हणून, आणि ते शक्यतो उचलायचं नाही, टेबलावरून सरकवायचं. भरलेला ग्लास मात्र लगेच तोंडाला लावू नका! राजाच्या नावाचा टोस्ट होईपर्यंत थांबायचं, आणि तो टोस्ट नेव्हीवाले बसूनच घेतात. जुन्या जहाजांची छतं बुटकी होती, उभं राहिलं की डोकं आपटायचं, म्हणून ही सूट मिळाली असं सांगतात. तुम्ही भावनेच्या भरात एकटेच उभे राहू नका.

त्यानंतर वाराप्रमाणे टोस्ट असतो. गुरुवारचा ऐकून दचकू नका, 'रक्तरंजित युद्ध नाहीतर रोगराईचा हंगाम', कारण वरचे मेले की खालच्यांना प्रमोशन. शनिवारी बायका आणि प्रेयसींच्या नावाचा असायचा, त्यावर कोणीतरी हळूच पुरवणी जोडायचा की दोघींची कधी गाठ न पडो. 2013 मध्ये तो बदलून कुटुंबांच्या नावे केला, कारण आता टेबलावर स्त्रियाही ऑफिसर म्हणून बसलेल्या असतात.

पाकीट काढू नका. तुमचं पिणं बोलावणाऱ्याच्या खात्यावर लिहिलं जातं, आणि ऑफिसरांची ही वाइन बुकं, म्हणजे पिण्याच्या हिशोबाच्या वह्या, कॅप्टनने तपासायची जुनी रीत आहे, म्हणजे तुम्ही चार घेतलेत तर ते त्याच्या नावावर चार दिसतात. दोनवर थांबा.

आणि निघताना वर मान करून झेंड्यांच्या दोरीवर बघा, हिरवा-पांढरा, मधे वाइनचा ग्लास असलेला छोटा झेंडा दिसला तर तो जिन पेनंट, म्हणजे शेजारच्या जहाजांच्या ऑफिसरांनाही प्यायचं आमंत्रण. कधीकधी तो शेजारच्या जहाजाचे ज्युनिअर ऑफिसर गुपचूप चढून लावून जातात, पकडले गेले तर पार्टी त्यांच्याकडून, नाही पकडले गेले तर ज्याच्या दोरीवर फडकतोय त्याच्याकडून. दिसला तर यजमानाच्या कानात सांगा, पुढचं आमंत्रण पक्कं.