८ × ५० @ १:१५ : कोचचा वर्कआउट वाचायचा कसा

गोव्यात २०१९ मध्ये आयर्नमॅन ७०.३ ही पोहणं, सायकलिंग आणि धावणं अशी सलग शर्यत सुरू झाली आणि पुण्या-कोल्हापुरातली कितीतरी नोकरदार माणसं पोहण्याकडे गंभीरपणे वळली. मीही तिशी उलटल्यावर त्यांच्यातच सामील झाले. समुद्रात १.९ किलोमीटर पोहायचंय एवढं पक्कं ठाऊक असतं. पण कोचकडून पहिला वर्कआउट मोबाइलवर येतो तेव्हा त्यात नुसते आकडे, कंस आणि आद्याक्षरं दिसतात. पोहता येत असूनही नवा माणूस तिथे अडतो आणि मग शेजारच्या लेनमधले काय करतात ते बघून तसंच करत राहतो. असं करू नका. ही लिपी एका आठवड्यात येते आणि ती आली की सराव खऱ्या अर्थाने सुरू होतो.

सगळ्यात आधी @ हे चिन्ह समजून घ्या, कारण बाकी सगळं त्याच्याभोवती फिरतं. ८ × ५० @ १:१५ म्हणजे ५० मीटर आठ वेळा, आणि दर सव्वा मिनिटाला नवा ५० सुरू करायचा. १:१५ ही विश्रांती नव्हे, पोहण्याची वेळही नव्हे. एका सुरुवातीपासून पुढच्या सुरुवातीपर्यंतचं ते अंतर आहे. तुम्ही ५५ सेकंदांत आलात तर २० सेकंद दम खायला मिळतील, १:०५ ला आलात तर फक्त १०. कोच 'ऑन १:१५' म्हणतात तेही हेच. याउलट 'रेस्ट १५' असं लिहिलं असेल तर तुम्ही कितीही वेळात या, भिंतीला हात लावल्यापासून १५ सेकंद मोजायचे. दिसायला दोन्ही सारखेच, पण अंगावर येतात वेगवेगळे. @ मध्ये हळू पोहलात की विश्रांती कापली जाते, त्यामुळे शेवटचे दोन-तीन ५० खरी परीक्षा घेतात. विश्रांती पाच सेकंदांवर आली आणि स्ट्रोक विस्कटायला लागला, तर कोचला सांगून १:३० करून घ्या. त्यात कमीपणा काहीच नाही. दिलेली वेळ तुमच्या वेगाला जुळली नाही, एवढाच त्याचा अर्थ.

टँकवर पेस क्लॉक असेल तर मनगटावरच्या घड्याळापेक्षा त्याच्याकडे बघायची सवय लावा. त्यात तासाचा काटा नसतो, सेकंदांची तबकडी असते. ६० ला 'टॉप' म्हणतात, ३० ला 'बॉटम'. @ १:१५ वर पहिला ५० टॉपला सोडलात तर दुसरा १५ वर, तिसरा ३० वर, चौथा ४५ वर आणि पाचवा पुन्हा टॉपला. @ १:४५ असेल तर क्रम उलटा: ६०, ४५, ३०, १५. एकदा हा क्रम डोक्यात बसला की कितवा ५० चाललाय तेही घड्याळच सांगतं, दमलेल्या डोक्याने मोजत बसावं लागत नाही. एका लेनमध्ये चार-पाच जण असतील तर प्रत्येक जण पुढच्याच्या पाच किंवा दहा सेकंद मागे सुटतो, म्हणून स्वतःचा सुटण्याचा आकडा नीट लक्षात ठेवायचा.

वेगाच्या सूचनांमध्ये तीन शब्दांची फार गल्लत होते. 'डिसेंड १-४' म्हणजे चार रिपीटमध्ये वेळ उतरत जायची, अर्थात वेग चढत जायचा. चार शंभर २:२०, २:१६, २:१२, २:०८ असे आले की डिसेंड जमलं. पहिलाच जीव तोडून मारला तर पुढे उतरायला जागाच उरत नाही. 'बिल्ड' हे एकाच रिपीटच्या आत घडतं, सुरुवात सावकाश आणि शेवट जोरात. आणि 'नेगेटिव्ह स्प्लिट'मध्ये अंतराचे दोन भाग धरायचे आणि दुसरा अर्धा पहिल्यापेक्षा कमी वेळात पोहायचा. लांब अंतराची तयारी करणाऱ्याने हे तिसरं मन लावून शिकावं असं मला वाटतं, कारण समुद्रात पहिल्या दोनशे मीटरमध्येच दम घालवणारे खूप दिसतात.

साहित्याचे शब्द सोपे आहेत. 'पुल' म्हणजे मांड्यांमध्ये पुल बॉय (फोमचा तरंगणारा ठोकळा) धरून फक्त हात, 'किक' म्हणजे किकबोर्ड धरून फक्त पाय. 'ड्रिल'मध्ये तंत्राचा एखादा तुकडा सुटा घ्यायचा, जसं कॅच-अपमध्ये एक हात पुढे थांबतो आणि दुसरा येऊन मिळाल्यावरच सुटतो. ड्रिल घाईने करू नका. पॅडल्स, म्हणजे तळहातांना लावायच्या प्लास्टिकच्या पट्ट्या, मात्र खांद्यांत ताकद येईपर्यंत लांबच ठेवा. 'आयएम' म्हणजे चारही स्ट्रोक: बटरफ्लाय, बॅक, ब्रेस्ट, फ्री, याच क्रमाने. 'बीपी ३' म्हणजे दर तिसऱ्या स्ट्रोकला श्वास. पण कुठल्याही वर्कआउटमध्ये पाण्याखाली श्वास रोखून लांब जायला सांगितलं असेल तर ते एकट्याने कधीही करू नका. त्यात आधी काही जाणवायच्या आतच शुद्ध हरपू शकते.

थोडे पुढे गेलात की 'सीएसएस' भेटेल. न दमता बराच वेळ टिकवता येईल अशा वेगाचा तो अंदाज असतो. एका दिवशी ४०० आणि २०० मीटर, मध्ये पुरेशी विश्रांती घेऊन, जोरात पोहायचे. दोन्ही वेळांच्या फरकाचं अर्ध म्हणजे तुमचा शंभराचा सीएसएस. समजा ४०० ला ८:४० लागले आणि २०० ला ४:०८, तर फरक ४:३२, अर्ध २:१६. मग १० × १०० @ २:३० हा सेट तुम्हाला चपखल बसतो, २:१६ ला येऊन १४ सेकंद थांबायचं. ही चाचणी दर दीड-दोन महिन्यांनी पुन्हा करावी.

नेटवरून उतरवलेल्या अमेरिकन प्लॅनबाबत सावध राहा. ते बहुतेकदा २५ यार्डांच्या टँकसाठी लिहिलेले असतात आणि १०० यार्ड म्हणजे ९१.४४ मीटरच. तिथला @ १:४५ आपल्या टँकवर तसाच उचलला तर विश्रांती गायब होते. २५ मीटरच्या टँकवरून ५० मीटरच्या टँकवर गेलं तरी वेळ थोडी वाढतेच, कारण भिंतीला रेटा द्यायच्या संधी निम्म्या होतात.

आता एक पूर्ण वर्कआउट वाचू:

वॉर्म-अप ३०० ईझी
४ × ५० ड्रिल/स्विम, रेस्ट १५
३ × (४ × १०० @ २:३० डिसेंड १-४ + ५० ईझी)
कूल-डाउन २००

दुसऱ्या ओळीतली तिरपी रेघ म्हणजे २५ ड्रिल आणि २५ नेहमीचं पोहणं. कंस आधी आतून वाचायचा: चार शंभर, मग पन्नास सावकाश, आणि हे सगळं तीनदा. प्रत्येक फेरीत डिसेंड नव्याने सुरू होतं, त्यामुळे पाचवा शंभर पुन्हा सगळ्यात हळू असतो. एकूण भरतात २०५० मीटर. हे कागदावर मोठ्या अक्षरांत उतरवा, झिपच्या प्लास्टिक पिशवीत घाला आणि किकबोर्डखाली दाबून लेनच्या टोकाला ठेवा. पाण्यात उतरण्याआधी प्रत्येक ओळीपुढे कितव्या सेकंदाला सुटायचं तेही लिहून ठेवा, आणि जी ओळ कळली नसेल ती वॉर्म-अपच्या आधीच सरांना विचारा.