वारंवार घडणारे अघटित: काल्पनिक नगरीसाठी एक कृती

काल्पनिक नगरीत एकदाच घडणारा चमत्कार लिहिणे सोपे असते. अवघड असतो तो पुन्हा पुन्हा घडणारा. दुसऱ्या-तिसऱ्या खेपेनंतर तिथली माणसे थक्क होत नाहीत, तयारीला लागतात; त्यामुळे लेखकाला आश्चर्याऐवजी त्या तयारीचे वर्णन करावे लागते. माझ्या पहिल्या खर्ड्यात दर वेळी सगळे नगर तोंडात बोटे घालत होते आणि चौथ्या प्रकरणापर्यंत मलाच त्यांचा कंटाळा आला होता.

सर्वप्रथम घटनेचा नियम एका वाक्यात बसवावा. पुण्यात बसून लिहीत असल्यामुळे मी पेठांची नावे तशीच उचलली आणि नियम असा केला की ‘वारफेर’ लागला म्हणजे प्रत्येक पेठेत तिच्या नावाचाच वार राहतो, आणि हद्द ओलांडणाऱ्याच्या हातातली वस्तू मधल्या दिवसांइतकी जुनी होते. माणसाचे वय मात्र वाढत नाही. गुरुवार पेठेचे जुने नाव वेताळ पेठ, तेव्हा तिथे भलताच एखादा वार उगवावा असा मोह मला बरेच दिवस होत होता. पण एका घटनेला एकच नियम पुरतो, म्हणून तो कागद मी बाजूला ठेवला.

नियम ठरला की हिशेब मांडावा, कारण खरी गोष्ट हिशेबातच सापडते. शनिवार पेठेतून बुधवार पेठेत जाताना रविवार, सोमवार, मंगळवार, बुधवार असे चार दिवस उलटतात आणि परत येताना तीन. म्हणजे कोणत्याही दोन पेठांत जाऊन-येऊन बरोबर सात दिवस लागू होतात. गवळ्याच्या किटलीतले दूध हद्दीवरच्या दगडापाशी पोचेपर्यंत ताजे असते आणि दगडापलीकडे पाऊल पडताच फाटते. बुधवारातल्या बाई झाकण उघडून वास घेतात आणि “दादा, पैसे शनिवारच्या दुधाचे कसे मागता?” असे विचारतात. लोणच्याच्या व्यापाऱ्याची मात्र चैन असते. चार हेलपाट्यांत बरणी अठ्ठावीस दिवसांची होते, त्यामुळे वारफेरात हमालांची मजुरी वाढते. शनिवार पेठेत रोज सकाळची शाळा भरते, रविवार पेठेत ती भरतच नाही. सदाशिव, नारायण आणि कसबा या पेठांच्या नावांत वार नसल्याने तिथे नेहमीचा दिवस चालू राहतो. सदाशिव पेठेला याचाही अभिमान असतो, हे वेगळे सांगायला नको.

पुनरावृत्तीचा काळ मनाला येईल तसा ठेवू नये. मी तो अधिक महिन्याला बांधला. चांद्रवर्ष सुमारे 354 दिवसांचे आणि सौरवर्ष सुमारे 365 दिवसांचे, त्यामुळे दर वर्षी अकरा दिवसांची तफावत पडते आणि ती भरून काढण्यासाठी साधारण साडेबत्तीस महिन्यांनी एक महिना जादा येतो. 2023 मध्ये अधिक श्रावण होता, 2026 मध्ये अधिक ज्येष्ठ येतो. हे अंतर कथेला सोयीचे आहे: पंचांग पाहणाऱ्याला वारफेर आधी कळतो, तरी तो दर वर्षीच्या सणासारखा अंगवळणी पडत नाही, आणि दहा वर्षांच्या मुलाने तो तीन-चारदाच पाहिलेला असतो.

यानंतर भाषेकडे वळावे, कारण वरचेवर येणारी गोष्ट बोलण्यात खुणा ठेवून जाते. आपल्याकडे अधिक महिन्याने ‘दुष्काळात तेरावा महिना’ ही म्हण दिली, आणि त्याच धोंड्याच्या महिन्यात जावयाला तेहेतीस अनारशांचे वाण देण्याची रीत पाडली. म्हणून माझ्या नगरीत उशिरा आलेल्या मदतीला वर्षभर ‘बुधवारचे दूध’ म्हणतात, आणि बोलणाऱ्यांपैकी कोणीही त्याचा उलगडा करत नाही. तो करण्याचा मोह लेखकानेही टाळावा. गवळ्याचा प्रसंग आधी येऊन गेला असेल तर वाचकाला अर्थ लागतो.

वारफेराचे कारण सांगावे की नाही, हा प्रश्न मी फार उगाळत नाही. नगरीतल्या लोकांची दोन-तीन परस्परविरोधी मते असली म्हणजे पुरे.

नियम मोडायचा असेल तर संपूर्ण कथेत एकदाच मोडावा, आणि तोही वाचकाला सातचा हिशेब तोंडपाठ झाल्यानंतर. मोडताना आकाश फाडण्याची गरज नसते. चार हेलपाटे घालून आलेली बरणी व्यापाऱ्याने उघडावी, फोड दाबून पाहावी आणि कैरी करकरीत हिरवी निघावी, त्याने ओरडू नये, झाकण पुन्हा घट्ट लावावे आणि हमालाला खालच्या आवाजात विचारावे, “बाबा रे, तू नक्की कुठे जाऊन आलास?”