पीएसपी-१००० वर गेमबॉय ॲडव्हान्स: झिप काढली, गेम चालला

सोनीच्या पीएसपी या हातात धरायच्या गेम यंत्रावर निन्टेन्डोच्या गेमबॉय ॲडव्हान्सचे गेम खेळायचे, तर कस्टम फर्मवेअरवर (सोनीच्या मूळ प्रणालीऐवजी बसवलेली, बदललेली प्रणाली) जीपीएसपी एम्युलेटर (गेमबॉयची नक्कल करणारा प्रोग्राम) टाकला की आधी बायोस (गेमबॉयची मूळ सिस्टम फाइल) तपासा. फाइल नेमकी १६,३८४ बाइटची आणि एम्युलेटरच्याच फोल्डरमध्ये हवी.

खरी डोकेदुखी मोठ्या गेमची. या मॉडेलची रॅम जेमतेम ३२ एमबी. तेवढ्याच आकाराचा रॉम (गेमची फाइल) तिच्यात मावत नाही, म्हणून एम्युलेटर लागतील तसे तुकडे मेमरी स्टिकवरून उचलतो. झिपमधून ते जमत नाही. रॉम झिपमधून बाहेर काढून ठेवला, गेम सुरू झाला. मग मेनूतून प्रोसेसर ३३३ मेगाहर्ट्झवर नेला (बॅटरी लवकर उतरते, इलाज नाही). तरी अधूनमधून गचका बसतोच. तो मेमरी स्टिकच्या वेगाचा. पीएसपी-२००० मध्ये रॅम ६४ एमबी आहे, पण ती वापरणारी एम्युलेटरची आवृत्ती घेतली तरच उपयोग.